उर्बिकसच्या शिळेत मी भरलेला मजकूर

क्विंटस लोलियस उर्बिकस या रोमन सिनेटरवर मी एका दिवाळी अंकात दीर्घ लेख लिहिला होता. तो वाचकांना आवडला. व्याख्यानांची आमंत्रणं आली, एका विद्यार्थिनीने त्यातले उतारे आपल्या प्रबंधात घेतले. त्या लेखातल्या कितीतरी गोष्टी खऱ्या नाहीत, आणि त्या मीच घातलेल्या आहेत. त्या कोणत्या, कशा घातल्या आणि का घातल्या, ते मला इथे सांगायचं आहे. शुद्धिपत्राच्या चार ओळींत ते मावणार नाही.

आधी त्या माणसाविषयी. उर्बिकस इसवी सनाच्या दुसऱ्या शतकातला. आजच्या अल्जीरियात कॉन्स्टन्टीन शहराजवळ टिडिस नावाच्या जागी जुन्या गावाचे अवशेष आहेत. लाल मातीच्या डोंगरउतारावर वसलेलं, पावसाचं पाणी टाक्यांमधून साठवून जगणारं हे गाव. तिथला हा मुलगा रोमच्या सिनेटमध्ये पोचला, डॅन्यूबकाठच्या सैन्यदलाचा सेनापती झाला, यहूदियाच्या युद्धात होता, कॉन्सल झाला, ऱ्हाइनकाठच्या खालच्या जर्मानिया प्रांताचा आणि मग ब्रिटनचा प्रांताधिपती झाला, आणि अखेरीस खुद्द रोम शहराचा नगरप्रमुख. ब्रिटनमध्ये सम्राट अँटोनायनस पायसच्या हुकमावरून तो हेड्रियनच्या भिंतीच्या पलीकडे उत्तरेला गेला. 142 च्या सुमारास फोर्थ आणि क्लाइड या दोन खाड्यांच्या मधे सुमारे 60 किलोमीटर लांबीची नवी सरहद्दीची भिंत उभी राहू लागली. ही भिंत दगडी पायावर गवताळ मातीचे ठोकळे रचून बांधलेली होती. हेड्रियनची भिंत जगाला ठाऊक आहे. ही दुसरी भिंत थोड्यांना ठाऊक असते, आणि उर्बिकस त्याहूनही थोड्यांना.

एवढ्या मोठ्या कारकिर्दीची साधनं मात्र फार त्रोटक आहेत. टिडिसच्या ग्रामसभेने सार्वजनिक पैशातून उभारलेल्या स्मारकावरचा एक लेख. गावाबाहेरची त्याच्या कुटुंबाची गोल दगडी समाधी. ब्रिटनमध्ये कॉर्ब्रिज, हाय रॉचेस्टर आणि बाल्मिल्डी इथले त्याचं नाव असलेले बांधकामाचे दगड. सम्राटांच्या चरित्रांच्या एका उत्तरकालीन ग्रंथातलं एक वाक्य. अपुलियस या लेखकाने न्यायालयात केलेल्या स्वतःच्या बचावातला एक उल्लेख, आणि जस्टिन या ख्रिस्ती लेखकाच्या अर्जातला एक प्रसंग. मी लिहिलेला लेख या सगळ्यापेक्षा कितीतरी लांब होता. तेवढी लांबी कुठून आली, हा प्रश्न लेख छापून येईपर्यंत मला पडला नाही.

मी इतिहास शिकवत होते. माझ्या वर्गातली बहुतेक मुलं लहान गावांतून यायची, आणि त्यांना सांगण्यासाठी मी असा एक माणूस शोधत होते की जो साम्राज्याच्या पार कडेला जन्मला आणि मध्यभागी पोचला. उर्बिकस सापडला तेव्हा मला झालेला आनंद खरा होता. त्या आनंदातच पहिली चूक झाली. मी त्याला गरीब केलं. लेखाच्या सुरुवातीला तो टिडिसच्या उतारावर मेंढ्या राखणारा पोर होता, आणि पुढे केवळ स्वतःच्या गुणांवर वर चढत गेला. याला कसलाही आधार नाही. सिनेटमध्ये येण्यासाठी दहा लाख सेस्टर्सची मालमत्ता लागत असे, ही अट ऑगस्टसच्या काळापासूनची होती आणि मी ती दरवर्षी वर्गात शिकवत होते. समाधीवर वडील मार्कस लोलियस सेनेसिओ आणि आई ग्रानिया होनोराटा यांची नावं आहेत, दोन भावांची आणि एका मामाची नावं आहेत. मुलाला सिनेटपर्यंत पाठवू शकणारं हे घराणं जमीनजुमला बाळगून असणार.

याहून गंभीर गोष्ट म्हणजे त्याच स्मारकलेखातले शब्द मी गाळले. उर्बिकस जनप्रतिनिधी म्हणजे ट्रिब्यून झाला तेव्हा आणि प्रेटर झाला तेव्हाही तो सम्राटाचा उमेदवार होता, असं त्या दगडावर दोनदा कोरलेलं आहे. म्हणजे निवड आधीच ठरलेली होती, सम्राटाचा हात डोक्यावर होता. हेड्रियनच्या आणि पायसच्या काळात आफ्रिकेतून आलेल्या माणसांसाठी रोममध्ये दारं उघडत होती. मार्कस ऑरेलियसचा शिक्षक फ्रोंटो टिडिसशेजारच्या किर्ता शहराचाच, आणि तोही कॉन्सल झाला. एकमेकांना ओळखणाऱ्या, एकमेकांची शिफारस करणाऱ्या माणसांचं ते जाळं होतं. खेड्यातल्या मुलाला सत्तेच्या जागी पोचायला नेमकं काय लागतं हे माझ्या विद्यार्थ्यांना सांगण्याची ती चांगली संधी होती. त्याऐवजी मी त्यांना सांगितलं की नुसते गुण पुरतात. त्यांतल्या काहींनी ते मनावर घेतलं असेल, आणि त्याचा मला आजही त्रास होतो.

पदांच्या क्रमातही मी चुकले. स्मारकलेख सर्वांत अलीकडच्या पदापासून मागे मागे जात तरुणपणीच्या पहिल्या पदापर्यंत, म्हणजे रोमच्या रस्त्यांची देखरेख करणाऱ्या चौघांपैकी एक, इथपर्यंत उतरतो. हे मला माहीत होतं. पण सगळ्यांत वर कॉन्सल हा शब्द आहे, म्हणून कॉन्सलपद जर्मानियानंतर मिळालं असं मी धरलं, आणि ऱ्हाइनकाठी शांतता राखल्याचं बक्षीस म्हणून ते मिळालं अशी कथाही जोडली. वास्तविक मान सर्वांत मोठा म्हणून ते पद माथ्यावर लिहिलं जाई. तो 135 च्या आसपास कॉन्सल झाला, आणि खालचा जर्मानिया हा प्रांत कॉन्सल होऊन गेलेल्यांनाच दिला जात असे.

त्याच स्मारकलेखात ब्रिटनचा उल्लेख नाही. इथे मी जे केलं ते मला जास्त खटकतं, कारण ते करताना मला आपण फार खोल विचार करतोय असं वाटत होतं. मी लिहिलं की उर्बिकसला उत्तरेतल्या रक्तपाताचा उबग आला होता, आणि म्हणून गावच्या स्मारकावर तो विजय कोरू नका असं त्यानेच सांगितलं असावं. ‘असावं’ हा शब्द पुढच्या परिच्छेदात गळून पडला आणि तिथून पुढे उर्बिकस हा युद्धाला विटलेला सेनापती झाला. ब्रिटनचा उल्लेख नसण्याचं खरं कारण साधं आहे. तो दगड उर्बिकस ब्रिटनला जाण्याआधी कोरला गेला. कॉर्ब्रिजचे दगड 139 आणि 140 या सालांचे आहेत, आणि गावाने त्याचा सत्कार त्याआधी, जर्मानियाच्या नेमणुकीपर्यंतची पदं मांडून केला. दगड गप्प होता तो त्याच्या तारखेमुळे. त्या गप्प राहण्यात मी एक सद्गुण वाचला.

असं का होत गेलं, याचा विचार करताना मला माझ्या वाचनाच्या सवयी आठवतात. महाराष्ट्रात शिलालेख वाचायला शिकलेला माणूस नाशिकच्या लेण्यांपासून सुरुवात करतो. तिसऱ्या क्रमांकाच्या लेण्यात गौतमी बलश्रीने आपल्या दिवंगत मुलाची, गौतमीपुत्र सातकर्णीची प्रशस्ती कोरून ठेवली आहे. हा लेखही दुसऱ्या शतकातलाच, म्हणजे उर्बिकसच्याच काळातला. त्यात मुलाचा चेहरा कसा होता, चाल कशी होती, प्रजेच्या सुखदुःखात तो कसा सहभागी होई, हे सगळं येतं. आई बोलते आहे हे ओळीओळीतून जाणवतं. टिडिसच्या लेखात एकही विशेषण नाही. पद, पद, पद, आणि शेवटी ग्रामसभेचा ठराव. मला ती मोकळी जागा सहन झाली नाही. बलश्रीने जे आपल्या मुलासाठी केलं ते मी एका परक्या माणसासाठी केलं, आणि तिला जो अधिकार होता तो मला नव्हता.

यहूदियाबद्दल मी जे लिहिलं ते वाचताना आता लाज वाटते. स्मारकलेख एवढंच सांगतो की यहूदी मोहिमेत उर्बिकस सम्राट हेड्रियनचा लेगाट म्हणजे अधिकारी होता, आणि त्याला मानाचा भाला आणि सोन्याचा मुकुट मिळाला. ही मोहीम म्हणजे 132 ते 135 चं बार कोखबाचं बंड मोडून काढणं. मी उर्बिकसला थेट बेथार या किल्ल्याच्या वेढ्यात नेऊन उभं केलं, तटाखाली उभा राहून निर्णय घेणारा म्हणून. तो तिथे होता की आणखी कुठे, हे दगड सांगत नाही. आणि त्या युद्धाची किंमत मी एका ओळीत उरकली. इतिहासकार डिओ लिहितो की पन्नास किल्ले आणि 985 गावं जमीनदोस्त झाली आणि 5,80,000 माणसं लढायांत मारली गेली, उपासमारीने आणि रोगाने मेली ती वेगळीच. आकडे फुगवलेले असतील असं मानणारे अभ्यासक आहेत, पण प्रदेश उजाड झाला याबद्दल वाद नाही. त्या सोन्याच्या मुकुटाचं मी सविस्तर वर्णन केलं, आणि 985 गावांचा आकडा माझ्या टिपणवहीत असूनही लेखात घेतला नाही. टिपणवहीतलं ते पान मी नंतर उघडून पाहिलं. आकड्याखाली रेघही मारलेली होती.

या सगळ्याची जाणीव मला आपणहून झाली नाही. स्कॉटलंडमध्ये राहणाऱ्या एका मराठी वाचकाचं पत्र आलं. लेख वाचून ते मुलांना घेऊन एडिंबराच्या राष्ट्रीय संग्रहालयात गेले होते, ब्रिजनेसची शिळा पाहायला. ही शिळा 1868 मध्ये भिंतीच्या पूर्व टोकाजवळ सापडली. तिच्यावर एका बाजूला घोडेस्वार पडलेल्या, नग्न शत्रूंवरून घोडा नेतो आहे आणि दुसऱ्या बाजूला यज्ञबळीचं दृश्य आहे. मधल्या लेखात सम्राटाचं नाव, दुसऱ्या ऑगस्टा सैन्यदलाचं नाव आणि त्यांनी बांधलेलं अंतर, 4,652 पावलं. मी लेखात लिहिलं होतं की हा घोडेस्वार म्हणजे उर्बिकस, आणि त्याच्या चेहऱ्यावर विजयाचा उन्माद नाही, उलट एक विषाद आहे.

पत्रात तक्रार नव्हती. त्यांनी फक्त विचारलं होतं की उर्बिकसचं नाव शिळेवर कुठे आहे, कारण मुलांना ते सापडत नव्हतं. आणि चेहऱ्यावरचा विषाद त्यांना कुणालाच दिसला नाही, तो कोणत्या बाजूने पाहायचा. मुलांनी शिळेसमोर बराच वेळ उभं राहून शोधलं होतं.

नाव त्या शिळेवर नाही. घोडेस्वार हा रोमन विजयाचं ठरलेलं चित्र आहे, तो कोणत्याही माणसाचा चेहरा नाही. यज्ञाच्या दृश्यात टोगा घातलेला माणूस आहे. तो फार तर त्या सैन्यदलाचा सेनापती असू शकेल असं काहींना वाटतं, आणि तो सेनापती होता पर्गामॉनचा क्लॉडियस चाराक्स, स्वतः इतिहासकार असलेला सिनेटर. त्याचा तर मी उल्लेखही केला नव्हता. उर्बिकसचं नाव ज्या दगडावर खरोखर आहे तो बाल्मिल्डीचा तुटका दगड ग्लासगोच्या हंटेरियन संग्रहालयात आहे. ही भिंत पायसच्या काळात त्याच्या हाताखाली बांधली गेली हे त्या दगडामुळे पक्कं कळतं. त्यावर चित्र नाही, म्हणून मी त्याला एक वाक्य दिलं होतं.

त्या वाचकांना मी लगेच उत्तर लिहिलं नाही. पहिल्या मसुद्यात मी ‘कलात्मक मुभा’ असा शब्दप्रयोग केला होता. तो खोडला आणि लिहिलं की विषाद मी घातला आहे, मुलांना सांगा की त्यांनी बरोबर पाहिलं. मग लेख काढून ओळ न ओळ साधनांशी ताडून पाहायला बसले. वर सांगितलेल्या चुका तेव्हा एकेक करून समोर आल्या. पण सगळ्यांत मोठी चूक लेखात शोधूनही सापडणारी नव्हती, कारण ती लेखात नव्हतीच.

जस्टिनचा दुसरा अर्ज मी लेख लिहिण्याआधी वाचला होता. रोममधली एक बाई ख्रिस्ती झाली आणि तिने आपल्या व्यसनी, दुराचारी नवऱ्याला सोडचिठ्ठी दिली. नवऱ्याने ती ख्रिस्ती असल्याची फिर्याद केली. तिने सम्राटाकडे मुदत मागितली आणि ती मिळाली. तेव्हा नवरा तिच्या धर्मगुरूच्या, प्तोलेमायसच्या मागे लागला. ओळखीच्या एका सेंच्युरियनला सांगून त्याने त्याला पकडवलं आणि एवढंच विचारायला लावलं की तू ख्रिस्ती आहेस का. प्तोलेमायसने खोटं बोलायचं नाकारलं. बरेच दिवस कोठडीत काढल्यावर त्याला नगरप्रमुख उर्बिकससमोर आणलं. उर्बिकसनेही तोच एक प्रश्न विचारला, तेच उत्तर मिळालं, आणि त्याने मृत्यूची शिक्षा दिली. तिथे उभ्या असलेल्या लुसियस नावाच्या माणसाने विचारलं की याने ना व्यभिचार केला, ना चोरी, ना खून, मग नुसत्या नावासाठी शिक्षा का. हा न्याय पायस सम्राटाला, त्याच्या तत्त्वज्ञ मुलाला किंवा सिनेटला शोभणारा नाही. उर्बिकसने उत्तर दिलं नाही. तूही त्यांच्यापैकीच दिसतोस, एवढं म्हणाला. लुसियसने हो म्हटलं, आणि त्यालाही नेण्यात आलं. मग तिसरा एक माणूस पुढे आला. त्यालाही.

उर्बिकसच्या साऱ्या साधनांत तो बोलताना ऐकू येतो अशी ही एकमेव जागा आहे. माणूस म्हणून त्याच्या जवळ जायचं असेल तर इथेच जायला हवं. हा प्रसंग मी गाळला. अपुलियसचा उल्लेख मात्र घेतला, कारण तो माझ्या सोयीचा होता. सिसिनियस एमिलियानस नावाच्या माणसाने मामाचं मृत्युपत्र खोटं असल्याचा दावा उर्बिकससमोर केला होता. उर्बिकसने कॉन्सलपद भूषवलेल्या सल्लागारांचं मत घेतलं आणि मृत्युपत्र खरं ठरवलं. एमिलियानस तरीही आरडाओरडा करत राहिला, तेव्हा उर्बिकसने मोठ्या कष्टाने स्वतःला आवरलं, असं अपुलियस सांगतो. यावरून मी उर्बिकसच्या न्यायबुद्धीवर आणि संयमावर दोन पानं लिहिली. मालमत्तेच्या दाव्यात सल्लागारांना विचारणारा, खोटारड्यालाही सोडून देणारा न्यायाधीश, आणि तीन माणसांना एका प्रश्नावर मरणाकडे पाठवणारा न्यायाधीश हे एकाच खुर्चीत बसत होते. मी वाचकांना त्यातला एकच दाखवला.

लेख दुरुस्त करायला घेतला तेव्हा मी जस्टिनचा प्रसंग आत आणला, पण पहिल्या खेपेस त्याच्या मागेपुढे बचाव लिहिला. नियम त्याने केलेला नव्हता हे खरं आहे. ख्रिस्ती लोकांना शोधत हिंडू नका, पण फिर्याद आली आणि त्यांनी कबूल केलं तर शिक्षा करा, असं सम्राट ट्राजनने प्लिनी या अधिकाऱ्याला आधीच पत्राने कळवलं होतं. उर्बिकसने रोमन अधिकाऱ्याचं काम रोमन पद्धतीने केलं. ही माहिती वाचकाला द्यायलाच हवी. पण मी ती ज्या जागी ठेवली होती ती जागा चुकीची होती. लुसियसचा प्रश्न संपण्याआधीच मी उर्बिकसच्या वतीने उत्तर देऊन टाकत होते, जे त्याने स्वतः दिलं नाही. ट्राजनचं पत्र आता मी प्रसंगानंतर ठेवलं आहे. लुसियसचा प्रश्न मूळ प्रसंगात जसा अनुत्तरित राहतो तसाच राहू दिला आहे.

लेखाचा शेवट काढून टाकणं मला सगळ्यांत जड गेलं. जुन्या लेखात म्हातारा उर्बिकस टिडिसला परत येतो, आईवडिलांच्या समाधीपाशी उभा राहतो, दगडावरून हात फिरवतो. व्याख्यानांत हा भाग सांगताना सभागृह स्तब्ध व्हायचं. समाधीवरच्या लेखात त्याने आई, वडील, लुसियस लोलियस सेनिस आणि मार्कस लोलियस होनोराटस हे भाऊ, आणि पब्लियस ग्रानियस पाउलस हा मामा यांची नावं घातली आणि स्वतःच्या नावापुढे नगरप्रमुख हे एकच पद लिहिलं. म्हणजे समाधी तो नगरप्रमुख असताना, किंवा निदान ते पद मिळाल्यानंतर झाली. पण नगरप्रमुखाचं काम रोममध्ये राहण्याचं होतं. शहराची हद्द ओलांडली की त्याचा अधिकार उरत नाही, असं रोमन कायदेपंडितांनी नोंदवून ठेवलं आहे. पदावर असताना तो समुद्र ओलांडून टिडिसला गेला असेल अशी शक्यता फार कमी. पैसे त्याने दिले, मजकूर त्याने पाठवला, एवढं दगडावरून म्हणता येतं. कौटुंबिक जिव्हाळा त्यातूनही दिसतो. मामाचं नाव आईवडिलांच्या शेजारी कोरून घेणाऱ्या माणसाविषयी मला आजही आपुलकी वाटते. ती वाटण्यासाठी त्याला तिथे नेऊन उभं करायची गरज नव्हती.

प्रबंध लिहिणाऱ्या विद्यार्थिनीला मी भेटून सगळं सांगितलं. तिचा प्रबंध तोवर सादर झाला होता. तिने दुरुस्तीपत्र जोडायची परवानगी मागितली आहे, आणि त्यात चूक माझ्या लेखातली असल्याचं स्पष्ट लिही, असा आग्रह मी धरला आहे.

नव्याने लिहिलेला लेख जुन्याच्या निम्म्याहून लहान झाला. त्यात मेंढ्या नाहीत, बेथारचा तट नाही, विषाद नाही, परतणारा म्हातारा नाही. 985 गावं आहेत, सम्राटाचा उमेदवार हे शब्द दोन्ही ठिकाणी आहेत, आणि प्तोलेमायस, लुसियस आणि तो नाव नसलेला तिसरा माणूस आहे. लेख संपादकांकडे दिला आहे. अंकात जागा कमी पडली तर भिंतीचा भाग कापा, न्यायासनासमोरचा नको, असं सोबतच्या पत्रात कळवलं आहे.